घराचे हप्ते थकले आणि दारावर नोटीस लागली तर कोर्टाकडून हप्त्यांची मुदत कशी मागायची (पुण्यातल्या लोकांसाठी)

आमच्या वाघोलीच्या फ्लॅटच्या दाराला पझेशनची (घराचा ताबा घेतल्याची) नोटीस चिकटवली तेव्हा घरात कोणीच नव्हतं, शेजारच्या काकूंनी तिचा फोटो काढून मला पाठवला आणि खाली एवढंच लिहिलं, "बाळा लवकर ये." मिस्टरांचं चाकणच्या कंपनीतलं काम सुटून सहा-सात महिने झाले होते, २४,६०० चा हप्ता, असे ७ हप्ते थकलेले. आज ते खातं रेग्युलर आहे आणि आम्ही त्याच घरात राहतो. मधल्या काळात जे कळलं ते आधी कळलं असतं तर कितीतरी रात्री नीट झोप लागली असती, आणि सोसायटीतल्या, ऑफिसातल्या ओळखीतून महिन्याला एकतरी फोन येतो की ताई तुम्ही काय केलं होतं, म्हणून सगळं एका जागी लिहून ठेवतेय.

सगळ्यात आधी एक गोष्ट मनात पक्की करा. कोर्ट कर्ज माफ करत नाही. कोर्ट वेळ देतं, आणि तो वेळ जो माणूस मुदतीत येतो, हातात थोडी का होईना रक्कम घेऊन येतो आणि पुढच्या महिन्यांचा हिशोब कागदावर दाखवतो त्याला मिळतो. नुसतं "परिस्थिती वाईट आहे हो" यावर काही होत नाही, परिस्थिती तिथे येणाऱ्या प्रत्येकाचीच वाईट असते.

आता ते व्हॉट्सॲपवर फिरणारं, की हायकोर्टाने थकलेलं होम लोन १०-१२ हप्त्यांत भरायला परवानगी दिली, बँकेला जप्ती थांबवायला लावली वगैरे. अशा ऑर्डर्स खऱ्या आहेत पण त्यातल्या पुष्कळ केरळ हायकोर्टाच्या आहेत. तिथे कर्जदार थेट हायकोर्टात अर्ज, म्हणजे रिट पिटिशन टाकायचे आणि कोर्ट सांगायचं की थकबाकी इतक्या महिन्यांत सारख्या हप्त्यांनी भर, सोबत चालू ईएमआय पण भर, एक जरी चुकलास तर बँक मोकळी. पण सुप्रीम कोर्ट २०१० पासून सांगत आलंय की सरफेसी कायद्यात (बँकेला कोर्टात न जाता गहाण घराचा ताबा घेऊ देणारा कायदा) दाद मागायला वेगळं ट्रिब्युनल दिलेलं असताना हायकोर्टाने सहसा मध्ये पडू नये, आणि एप्रिल २०२३ मध्ये साउथ इंडियन बँकेच्या केरळमधल्या केसेसचा निकाल देताना तर याच हप्ते पाडून देण्याच्या रिट्सबद्दल स्पष्ट नाराजी दाखवली. त्यामुळे तो फॉरवर्ड छापून घेऊन मुंबईला हायकोर्टात धावू नका. पुणे मुंबईच्या मुख्य पीठाखालीच येतं, कोल्हापूरचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ मध्ये सुरू झालं त्यात पुणे जिल्हा नाही, म्हणजे येण्याजाण्याचा आणि वकिलाचा खर्च वेगळा आणि तिथे पहिला प्रश्न हाच की डीआरटीत का गेला नाहीत. डीआरटी म्हणजे डेट्स रिकव्हरी ट्रिब्युनल, आणि ते पुण्यात आहे, शिवाजीनगरमध्ये. आपला रस्ता तिथून जातो.

पण त्याच्या आधीपासून सुरुवात करू, कारण बहुतेकांची चूक तिथेच होते.

हप्ता ९० दिवस थकला की खातं एनपीए, म्हणजे थकीत कर्ज, होतं. मग बँक किंवा हाउसिंग फायनान्स कंपनी सरफेसीच्या कलम १३(२) ची नोटीस पाठवते, त्यात ६० दिवस देतात आणि त्यात आकडा असतो तो बघून माणूस खचतो, कारण तो थकलेल्या हप्त्यांचा नसतो, सगळ्या कर्जाचा असतो. आमचे हप्ते थकले होते १,७२,२०० चे आणि नोटिशीत मागितले होते साडेसव्वीस लाखांच्या वर. मिस्टर म्हणाले एवढे पैसे आपण कुठून आणणार, आणि नोटीस कपाटात ठेवून दिली. ती कपाटात ठेवलेली नोटीस आम्हाला सगळ्यात महाग पडली. तर हे दोन आकडे वेगळे आहेत हे डोक्यात ठेवा, एक थकबाकी आणि दुसरं एकूण येणं, आणि तुम्हाला भांडायचंय, मागायचंय ते पहिल्या आकड्यावर, की थकबाकी आम्ही टप्प्याटप्प्याने भरतो, चालू हप्ता सुरू करतो, तुम्ही खातं परत रेग्युलर करा.

नोटीस आली की त्याच आठवड्यात कंपनीला ईमेल करून तीन गोष्टी मागा: पूर्ण खातेउतारा, थकबाकीचा फोड करून हिशोब (हप्ते किती, व्याज किती, दंड किती, लीगल चार्जेस किती) आणि ऑथोराइज्ड ऑफिसरचं (त्यांच्यातर्फे ही कारवाई करणारा अधिकारी) नाव-ईमेल. उतारा आला की बसून पेन्सिलने तपासा. आमच्या उताऱ्यात नोटिशीचा खर्च दोनदा लावलेला सापडला, लेखी विचारल्यावर एक काढला, १९,५०० चे चार्जेस १४,००० वर आले. अजून एक बघायचं, रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ च्या सर्क्युलरने सांगितलंय की हप्ता चुकला म्हणून व्याजदर वाढवून दंड-व्याज घ्यायचं नाही, दंड फक्त वेगळा चार्ज म्हणून घ्यायचा आणि त्या दंडावर परत व्याज चढवायचं नाही, नवीन कर्जांना हे १ एप्रिल २०२४ पासून आहे आणि जुनी कर्जं जून २०२४ पर्यंत त्यात आणायची होती. त्यानंतरच्या महिन्यांत दंडावर व्याज दिसलं तर खूण करून ठेवा. रक्कम छोटी असेल पण हिशोब चुकलाय हे कागदावर दाखवता आलं की समोरचा तुमच्याशी जरा सांभाळून बोलतो, हा माझा अनुभव आहे.

मग त्या ६० दिवसांच्या आत उत्तर द्यायचं. कायद्यात १३(३ए) म्हणून आहे, तुम्ही लेखी हरकत किंवा निवेदन दिलं की त्यांना १५ दिवसांत लेखी उत्तर द्यावंच लागतं. उत्तर न देता पुढे गेले तर तो तुमचा डीआरटीमधला एक चांगला मुद्दा होतो. पत्राला वकील लागतोच असं नाही, साधं लिहा, स्पीड पोस्टने पाठवा, ईमेलपण करा आणि ब्रँचला एक प्रत देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का घ्या. मजकूर साधारण असा:

"आपली अमुक तारखेची १३(२) ची नोटीस मिळाली. माझी नोकरी अमुक महिन्यात गेल्यामुळे हप्ते थकले, बुडवायचा हेतू नव्हता आणि नाही. आता अमुक महिन्यापासून घरात महिना इतकं उत्पन्न सुरू झालं आहे, पगाराची स्लिप जोडली आहे. थकबाकीपैकी इतकी रक्कम मी आज खात्यात भरली आहे, पावती जोडली आहे. उरलेली थकबाकी इतक्या मासिक हप्त्यांत, चालू ईएमआयसह, दर महिन्याच्या अमुक तारखेला भरण्याची परवानगी द्यावी आणि खातं नियमित करून पुढील कारवाई थांबवावी. हिशोबातील पुढील नोंदींवर माझी हरकत आहे, त्यांचा खुलासा करावा."

यात "आज भरली आहे" हे वाक्य सगळ्यात जड आहे. दहा हजार असतील तर दहा भरा पण भरून मग लिहा. माझी भिशी लागायला अजून चार महिने होते, मी आमच्या भिशीतल्या बायकांना खरं खरं सांगितलं आणि त्यांनी माझा नंबर पुढे घेतला, त्यातून ५०,००० भरले. ते कोणाला सांगायची मला लाज वाटत होती पण त्याच ५०,००० वर पुढचं सगळं उभं राहिलं. पीएफमधून घराच्या कर्जासाठी पैसे काढायची सोय असते ती पण ऑफिसात विचारून बघा. एक मात्र करू नका, हा हप्ता भरायला मोबाइल ॲपवरून पर्सनल लोन घेऊ नका, माझ्या दिरांनी तसं केलं आणि एकाच्या जागी दोन वसुलीवाले दारात आले.

प्रस्ताव मांडताना घराचं बजेट खरं मांडा. आमची थकबाकी चार्जेस धरून १,८६,२००, त्यातले ५०,००० गेले की उरले १,३६,२००. आम्ही १२ महिने मागितले, म्हणजे ११,३५० चा थकबाकीचा हप्ता अधिक २४,६०० चालू, महिन्याला ३५,९५०. मिस्टरांचा नवीन पगार ३२,०००, माझे १८,०००, म्हणजे हातात १४,००० उरतात आणि त्यात दोन मुलांसकट घर चालवायचं. हे आम्ही वहीत तीनदा लिहून पाहिलं, मुलाचा क्लास थांबवला, गाडी विकली, मगच आकडा लिहून दिला. झेपणार नाही असा हप्ता कबूल करून तो तिसऱ्या महिन्यात मोडणं हे काहीच न मागण्यापेक्षा वाईट आहे, का ते पुढे सांगते.

कंपनीने नकार दिला किंवा गप्प बसली तर ६० दिवस संपल्यावर १३(४) खाली ताबा घेतात. आधी सिम्बॉलिक, म्हणजे दारावर नोटीस लावतात आणि ७ दिवसांच्या आत दोन पेपरात छापतात, त्यातला एक स्थानिक भाषेतला असावा लागतो. माझ्या सासऱ्यांनी सकाळच्या चहाबरोबर आपल्या मुलाचं नाव त्या चौकटीत वाचलं. त्यांना आधी सांगितलं नव्हतं ही माझी चूक, घरातल्या मोठ्यांना पेपरातून कळू देऊ नका. सिम्बॉलिक पझेशन म्हणजे घर गेलं असं नाही, तुम्ही आतच राहता, पण त्या तारखेपासून घड्याळ सुरू होतं, ४५ दिवस. या ४५ दिवसांत कलम १७ खाली डीआरटीत अर्ज करायचा, वकील लोक त्याला एसए म्हणतात. १३(२) च्या नोटिशीवर थेट डीआरटीत जाता येत नाही, पझेशनच्या नोटिशीवर जाता येतं, आणि प्रत्यक्ष बाहेर काढेपर्यंत थांबायची गरज नाही, सिम्बॉलिक पझेशनवरही अर्ज चालतो हे सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये सांगून ठेवलंय. ४५ दिवस मोजताना सुट्ट्या-सणवार धरूनच मोजा, आमच्याकडे मध्ये गणपती आले आणि दहा दिवस कसे गेले कळलंच नाही.

इथे एक पुण्यात नेहमी होणारी गोष्ट. ओळखीचे एखादे वकील म्हणतात शिवाजीनगर कोर्टात दावा टाकू, मनाई हुकूम घेऊ. सरफेसीच्या कलम ३४ ने दिवाणी कोर्टाला यात हात घालायला बंदी आहे. फार थोड्या अपवादात्मक केसेस सोडल्या तर तो दावा टिकत नाही आणि तुमचे ४५ दिवस त्यात निघून जातात. वकील करताना सरळ विचारा, तुम्ही डीआरटीचं काम करता का, आणि फी लेखी ठरवा, किती तारखांची, ड्राफ्टिंग धरून का वेगळं.

आणि पैसे नाहीत म्हणून वकील नाही असं होऊ देऊ नका. जिल्हा विधी सेवा प्राधिकरण शिवाजीनगरच्या जिल्हा कोर्टात आहे, रामवाडीहून मेट्रो पकडली की जिल्हा न्यायालय (आधीचं सिव्हिल कोर्ट) स्टेशनला उतरून चालत जाता येतं. मोफत वकिलासाठी अर्ज करायचा हक्क महिलांना उत्पन्न कितीही असलं तरी आहे, एससी-एसटी, अपंग व्यक्तींनाही आहे, बाकीच्यांना उत्पन्नाची अट. १५१०० वर फोन करून पण विचारता येतं. होम लोनमध्ये बहुतेक वेळा बायको को-बॉरोअर असतेच, मी होतेच, म्हणजे अर्ज माझ्या नावाने करता आला असता, हे मला पैसे भरून झाल्यावर कळलं.

डीआरटीची फी कर्जदाराला अशी बसते: येणं १० लाखांच्या खाली असेल तर दर लाखाला ५०० रुपये, १० लाख आणि वर असेल तर ५,००० अधिक वरच्या प्रत्येक लाखाला २५०, जास्तीत जास्त १ लाख. म्हणजे २८ लाखांच्या मागणीवर ९,५००. कामकाज इंग्रजीत चालतं, मराठी कागद असतील तर भाषांतर जोडायचं. सोबत सँक्शन लेटर, लोन ॲग्रीमेंट, १३(२) ची नोटीस आणि तिचं पाकीट (पोस्टाच्या शिक्क्यावरची तारीख कामाला येते), तुम्ही दिलेलं निवेदन, त्यांचं उत्तर आलं असेल तर ते, दारावरच्या नोटिशीचे फोटो, पेपरचं कात्रण, खातेउतारा, भरलेल्या सगळ्या पावत्या, नोकरी गेल्याचं पत्र, नवीन पगाराची स्लिप, हॉस्पिटलची बिलं असतील तर ती. मी लाल फाईल केली होती, तारखेप्रमाणे, पहिल्या पानावर एका पानाची तारीखवार यादी. वकिलांनी ती यादी जवळपास जशीच्या तशी अर्जात घातली.

आता डीआरटी हप्ते कसे देतं ते समजून घ्या, कारण हे कोणी नीट सांगत नाही. डीआरटीचं मूळ काम हे बघणं की बँकेने कायद्याप्रमाणे पावलं टाकली का, नोटीस नीट पोचली का, निवेदनाला उत्तर दिलं का, पेपरात छापलं का, हिशोब बरोबर का. हप्त्यांची मुदत ही बहुतेक वेळा दोन वाटांनी येते, एकतर स्टे (कारवाईला स्थगिती) देताना अट म्हणून, की इतके पैसे इतक्या आठवड्यात भरा तोपर्यंत प्रत्यक्ष ताबा घेऊ नका, नाहीतर दोन्ही बाजूंच्या संमतीने. म्हणून अर्जात दोन्ही लागतं: बँकेने कुठे चूक केली ते मुद्दे, आणि आपला पैसे भरायचा ठोस प्रस्ताव. नुसता प्रस्ताव असेल तर म्हणतील बँकेकडे जा, नुसत्या चुका काढल्या तर म्हणतील पैसे कुठे आहेत. बऱ्याचदा बँकेने आधीच कॅव्हेट लावलेलं असतं, म्हणजे त्यांना ऐकून घेतल्याशिवाय स्टे मिळत नाही, त्यामुळे ताब्याच्या तारखेच्या आदल्या दिवशी धावत जायचं नाही, निदान आठ-दहा दिवस हातात ठेवा.

आमच्या तारखेला कंपनीच्या वकिलांनी आधी कडक विरोध केला, म्हणाले पूर्ण कर्ज रिकॉल झालंय, म्हणजे सगळं एकदम परत मागितलंय, आता थकबाकी वगैरे काही नाही. पीओ मॅडमनी (म्हणजे प्रिसायडिंग ऑफिसर) फाईल बघितली, निवेदनाला उत्तर दिलं नाही हे बघितलं, ५०,००० ची पावती बघितली आणि विचारलं की थकबाकी पूर्ण भरली तर खातं रेग्युलर करायला हरकत काय आहे, इन्स्ट्रक्शन घेऊन सांगा. पुढच्या तारखेला ठरलं: ३६,२०० चार आठवड्यांत, उरलेले १,००,००० दरमहा १२,५०० प्रमाणे ८ हप्त्यांत, चालू ईएमआयसकट, एक जरी चुकला तर स्टे आपोआप उठेल. मागितले १२, मिळाले ८. महिन्याला ३७,१००. माझ्या पाटल्या मी लक्ष्मी रोडला मोडल्या, गहाण टाकल्या नाहीत, कारण गहाण म्हणजे अजून एक हप्ता. आईच्या होत्या त्या. पण त्या दिवशी चार आठवड्यांचे पैसे दुसऱ्याच आठवड्यात भरले गेले आणि मला पहिल्यांदा श्वास घेतल्यासारखं झालं.

ऑर्डर हातात आली की खरं काम सुरू होतं. सर्टिफाइड कॉपी लगेच मागवा आणि ऑथोराइज्ड ऑफिसरला, ब्रँचला ईमेल करा. त्यांनी कलेक्टर ऑफिसला किंवा चीफ ज्युडिशियल मॅजिस्ट्रेटकडे कलम १४ चा अर्ज केला असेल, प्रत्यक्ष ताब्यासाठी मदत मिळावी म्हणून, तर तिथे आणि तहसीलदार ऑफिसलाही कॉपी देऊन शिक्का घ्या. कलम १४ मध्ये कर्जदाराला बोलावून ऐकून घेत नाहीत, तिकडची ऑर्डर तिकडे झालेली असते आणि तलाठी-पोलीस घेऊन माणसं दारात येतात तेव्हा तुमच्याकडे कागद असायला हवा. हप्ता पाच तारखेला असेल तर तीनला भरा. थेट कर्जखात्यात भरा, एजंटच्या हातात किंवा त्याच्या यूपीआयवर एक रुपया देऊ नका, तो कितीही गोड बोलला तरी. भरताना किंवा नंतर ईमेलने लिहा की ही रक्कम डीआरटीच्या अमुक ऑर्डरप्रमाणे अमुक नंबरचा थकबाकीचा हप्ता आणि ही चालू ईएमआय, नाहीतर सगळी रक्कम दंड आणि चार्जेसमध्ये वळती करतात आणि कागदोपत्री तुमचा हप्ता चुकलेला दिसतो. आमच्या दुसऱ्या महिन्यात हेच झालं होतं, ईमेल होता म्हणून दोन दिवसांत दुरुस्त झालं.

एखाद्या महिन्यात जमणारच नाही असं दिसलं तर तारीख उलटायच्या आधी वकिलामार्फत मुदतवाढीचा अर्ज टाका, काही रक्कम भरून. तारीख उलटून गेल्यावर स्टे गेलेला असतो आणि मग सांगायला काही उरत नाही.

पैसे भरत असूनही वसुलीचे फोन येत राहिले तर घाबरू नका, त्याचं कारण आहे. रिझर्व्ह बँकेच्या नोव्हेंबर २०२१ च्या नियमाप्रमाणे एकदा एनपीए झालेलं खातं थकबाकी पूर्ण शून्य झाल्यावरच स्टँडर्ड, म्हणजे परत रेग्युलर, होतं, अर्धी भरली म्हणून नाही. पण फोन सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर करायचे नाहीत, धमकी-शिवीगाळ करायची नाही, शेजाऱ्यांना सांगायचं नाही. एजंटकडे ओळखपत्र आणि कंपनीचं पत्र मागा. लेखी तक्रार करा, बँक असेल आणि ३० दिवसांत उत्तर नाही आलं तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार होते, हाउसिंग फायनान्स कंपनी असेल तर नॅशनल हाउसिंग बँकेकडे. या तक्रारींनी ताबा थांबत नाही, ४५ दिवसही थांबत नाहीत, हे लक्षात ठेवून करा.

ईसीएस-एनएसीएच (खात्यातून आपोआप कापला जाणारा हप्ता) किंवा चेक बाउन्स झाल्याची वेगळी फौजदारी केस पण टाकतात. तिचं समन्स आलं तर डीआरटीत चाललंय ना म्हणून दुर्लक्ष करू नका, ती केस वेगळी, तिथे हजर राहावंच लागतं.

आता लिलावाची गोष्ट, यात घाई करायलाच हवी. २०१६ च्या दुरुस्तीनंतर घर सोडवून घ्यायचा हक्क लिलावाची जाहीर नोटीस छापून येईपर्यंतच आहे, सुप्रीम कोर्टाने सप्टेंबर २०२३ मध्ये बाफना मोटर्सच्या केसमध्ये हे पक्कं केलं. आणि त्या टप्प्याला नुसती थकबाकी नाही, सगळं येणं खर्चासकट भरावं लागतं. म्हणजे हप्त्यांचं बोलणं करायचं ते लिलावाची नोटीस निघायच्या खूप आधी. डीआरटीने नकार दिला तर मुंबईला डीआरएटीत (डीआरटीच्या वरचं अपिलाचं ट्रिब्युनल) ३० दिवसांत अपील होतं पण त्याला कर्जाच्या ५० टक्के रक्कम भरावी लागते, फार तर २५ पर्यंत खाली आणतात, आपल्यासारख्याला ते जवळजवळ बंदच दार आहे, म्हणून सगळा जोर पहिल्याच अर्जावर लावा. पीओची जागा रिकामी असेल आणि ताबा तोंडावर असेल तर मात्र हायकोर्टात तात्पुरत्या संरक्षणासाठी जाता येतं, ते कारण तिथे ऐकून घेतात.

कर्ज फेडत आलेलं असेल त्यांनी एक तपासा, उरलेलं येणं मूळ मुद्दल आणि व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी असेल तर सरफेसी लागूच होत नाही, कलम ३१ मध्ये आहे. एका काकांचं दोन वर्षांचं कर्ज राहिलं होतं, त्यांना हा एकच मुद्दा पुरला. सहकारी बँकेचं कर्ज असेल तर सरफेसी लागू आहे, सुप्रीम कोर्टाने मे २०२० मध्ये सांगितलंय. पण पतसंस्थेचं असेल तर रस्ता पूर्ण वेगळा, तिथे सहकार कायद्याच्या कलम १०१ चा वसुली दाखला घेतात आणि त्याविरुद्ध रिव्हिजनला (वर फेरतपासणी मागायला) गेलात तर दाखल्याच्या ५० टक्के रक्कम भरावी लागते, म्हणून तिथे १०१ च्या सुनावणीलाच हजर राहून हिशोबावर हरकत आणि हप्त्यांची मागणी करा. लोक त्या सुनावणीला जातच नाहीत आणि एकतर्फी दाखला निघतो.

आणि पगारात खरंच हप्ता बसत नसेल, पुढचं दोन वर्षांचं काही दिसत नसेल, तर हप्ते मागू नका, फ्लॅट स्वतः विका. हे बोलायला मला जड जातंय पण लिलावात जाण्यापेक्षा ते कितीतरी बरं, भाव चांगला मिळतो आणि उरलेले पैसे हातात येतात. १३(२) ची नोटीस आल्यावर बँकेच्या लेखी परवानगीशिवाय विकता येत नाही, म्हणून आधी फोरक्लोजर लेटर (कर्ज पूर्ण फेडायला किती रक्कम लागेल त्याचं पत्र) आणि एनओसीचं पत्र मागा, गिऱ्हाइकाची बँक थेट तुमच्या कर्जखात्यात पैसे भरते, आणि कोर्टाकडे किंवा बँकेकडे त्या व्यवहारापुरती दोन-तीन महिन्यांची मुदत मागता येते, खरेदीदाराचं टोकन आणि त्याचं लोन सँक्शन दाखवून. फ्लोटिंग व्याजाच्या होम लोनला मुदतीआधी फेडल्याचा दंड लागत नाही, लावला असेल तर काढायला सांगा. वन टाइम सेटलमेंट, म्हणजे ओटीएस (एकदाच ठरलेली कमी रक्कम भरून कर्ज मिटवणं), मागायला हरकत नाही पण तो हक्क नाही, कोर्ट बँकेला ओटीएस द्यायला लावू शकत नाही हे सुप्रीम कोर्टाने डिसेंबर २०२१ मध्येच सांगितलं. लोकअदालतीत बसून हप्ते ठरवता आले तर उत्तम, फी नाही आणि तिथला निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही, म्हणून सही करताना आकडा आणि तारखा दोनदा वाचा.

शेवटचा हप्ता भरला की निवांत होऊ नका, कागद मागा. थकबाकी शून्य असल्याचा उतारा, खातं रेग्युलर झाल्याचं पत्र, १३(२) आणि पझेशनची नोटीस मागे घेतल्याचं पत्र, कलम १४ चा अर्ज मागे घेतल्याची प्रत. डीआरटीतली केस पण त्याप्रमाणे निकाली काढून घ्या, लोंबकळत ठेवू नका. महिनाभराने सिबिल काढून बघा, तिथे खातं अजून थकीत दिसत असेल तर या पत्राची प्रत जोडून कंपनी आणि सिबिल दोघांकडे दुरुस्तीचा अर्ज करा. नोटीस मागे घेतल्याच्या पत्राची एक झेरॉक्स मी सोसायटीच्या ऑफिसात दिली आणि एक काकूंना नेऊन दाखवली, कारण चिकटवलेली त्यांनीच वाचली होती.